पालैभूमीतील घर : आण्विक आपत्तीनंतरचे वास्तव्य आणि तिणै-विचार

१

चेन्नईहून पूर्व किनाऱ्याच्या रस्त्याने दक्षिणेकडे निघाल्यास मामल्लपुरम मागे पडल्यावर, शहरापासून सुमारे ७० किलोमीटरवर कल्पाक्कम लागते. एका बाजूला सद्रासचा पडका डच किल्ला, मच्छीमारांच्या वस्त्या आणि वाळूवर ओढून ठेवलेल्या होड्या. दुसऱ्या बाजूला १९८४ आणि १९८६ मध्ये ज्याचे दोन संच कार्यान्वित झाले ते मद्रास अणुविद्युत केंद्र, इंदिरा गांधी अणुसंशोधन केंद्र आणि तेथील कर्मचाऱ्यांची वसाहत. २६ डिसेंबर २००४ रोजी आलेल्या त्सुनामीने या किनाऱ्यावरील मच्छीमार वस्त्यांतील आणि कर्मचारी-वसाहतीतीलही माणसे नेली. केंद्राच्या पंपघरात समुद्राचे पाणी शिरले, चालू असलेला दुसरा संच बंद करण्यात आला आणि अणुभट्टी सुरक्षित राहिली. कल्पाक्कममध्ये फुकुशिमासारखी आपत्ती घडलेली नाही, हे आरंभीच स्पष्टपणे नोंदवले पाहिजे. परंतु ११ मार्च २०११ रोजी जपानच्या ईशान्य किनाऱ्यावर समुद्र आणि अणुभट्टी यांची गाठ पडल्यानंतर या किनाऱ्याकडे पूर्वीच्या नजरेने पाहता येत नाही. माहितीपटकार अमुदन आर. पी. यांनी ‘रेडिएशन स्टोरीज’ या मालिकेत मणवाळकुरिची, कल्पाक्कम आणि कूडंकुळम या तमिळ किनाऱ्यावरील तीन ठिकाणांकडे कॅमेरा वळवला, तेव्हा त्यांच्यासमोरही मुख्य प्रश्न होता तो स्फोटाचा नव्हता. जे राहतात ते कसे राहतात, हा तो प्रश्न होता.

प्रस्तुत लेखाचा विषय हाच आहे. आण्विक आपत्तीनंतर आपल्याच भूमीत राहिलेली किंवा तेथे परतलेली कुटुंबे साहित्यात कशी येतात आणि ती वाचण्यासाठी कोणती समीक्षादृष्टी उपयोगी पडते, याचा विचार येथे करावयाचा आहे. चेर्नोबिल आणि फुकुशिमा यांवरील लेखनाचा परामर्श घेताना आपल्याकडे सामान्यतः एकच सूत्र हाताशी धरले जाते. ‘मातीची ओढ’ हे ते सूत्र होय. संकट आले तरी माणूस आपली माती सोडत नाही, म्हाताऱ्या बाया निषिद्ध क्षेत्रातल्या घरी परततात, मुळे तुटत नाहीत, अशी ही मांडणी असते. ती भावस्पर्शी आहे. मात्र ती अपुरी आहे आणि काही वेळा अन्यायकारकही आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. तिच्याऐवजी ज्या भूमीत कल्पाक्कम आहे त्या भूमीच्याच काव्यशास्त्रातील एक संकल्पना अधिक दूरवर नेऊ शकते, असे येथे प्रतिपादन करावयाचे आहे.

२

प्राचीन तमिळ काव्यशास्त्रातील तिणै-विचार मराठी अभ्यासकांना प्रामुख्याने ए. के. रामानुजन यांच्या ‘द इंटिरिअर लँडस्केप’ (१९६७) या अनुवादग्रंथामुळे परिचित आहे. ‘तोल्काप्पियम’ या ग्रंथात अकम् म्हणजे अंतर्गृहीच्या, प्रेमाच्या कवितेसाठी पाच भूमी सांगितल्या आहेत. त्यांची नावे वनस्पतींवरून ओळखली जातात : कुरिंजी म्हणजे डोंगर आणि मीलन, मुल्लै म्हणजे रान आणि धीराने वाट पाहणे, मरुतम म्हणजे शेतीची सखल भूमी आणि रुसवा, नेय्तल म्हणजे समुद्रकिनारा आणि व्याकुळ शोक, पालै म्हणजे रखरखीत भूमी आणि विरह. प्रत्येक तिणैचे तीन घटक असतात. मुदल म्हणजे स्थळ आणि काळ. करु म्हणजे त्या स्थळी उपजणारे सर्व काही, अर्थात देवता, अन्न, प्राणी, झाड, पक्षी, वाद्य, व्यवसाय. आणि उरि म्हणजे त्या भूमीला अनुरूप असा भाव. कवी करुघटकाचे नाव घेतो आणि श्रोत्याला उरि कळतो. वाळूवरचा खेकडा, सुकत घातलेली मासळी किंवा फुलांनी डवरलेले पुन्नै यांचा उल्लेख झाला की किनाऱ्यावर वाट पाहणाऱ्या स्त्रीच्या मनाविषयी वेगळे काही सांगावे लागत नाही. या काव्यव्यवस्थेचा पाया एका विश्वासावर उभा आहे : भूमी बोलते, आणि ती खरे बोलते.

या पाच भूमींपैकी पालैचे स्थान विशेष आहे. ‘तोल्काप्पियम’ इतर चार तिणैंना जसे निश्चित प्रदेश देते तसा पालैला देत नाही. तिचा काळ मात्र देते, आणि तो काळ म्हणजे उन्हाळा व भर मध्यान्ह. इळंगो अडिगळांच्या ‘सिलप्पदिकारम’ या महाकाव्यात, कोवलन आणि कण्णगी मदुरैच्या वाटेवर असताना, या विचाराचे विलक्षण स्पष्टीकरण येते. मुल्लै आणि कुरिंजी या भूमी सूर्याच्या तापाने आपला स्वभाव गमावून बसल्या की त्याच पालैचे रूप घेतात, असे तेथे सांगितले आहे. म्हणजे पालै ही स्वतंत्र भूमी नव्हे. स्वभाव हरवलेली भूमी म्हणजे पालै. १८९२ साली उ. वे. स्वामिनाथ अय्यर यांनी हे महाकाव्य संपादून मुद्रित केले, तेव्हा एका विस्मृत ग्रंथाबरोबर हा विचारही आधुनिक वाचकाला परत मिळाला.

मराठी वाचकाला ही कल्पना परकी वाटण्याचे कारण नाही. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘बनगरवाडी’ (१९५५) या कादंबरीचा शेवट पालैतच होतो. दुष्काळ पडतो, मेंढपाळांची वाडी ओस पडते, मास्तरही निघून जातो. विश्वास पाटील यांच्या ‘झाडाझडती’ (१९९१) मध्ये भूमी पाण्याखाली जाते आणि माणसे पुनर्वसनाच्या वाटेला लागतात. या दोन कादंबऱ्या मराठीतील भूमिवियोगाच्या दोन जाती दाखवतात. पहिलीत भूमी राहते, माणसे जातात आणि पाऊस पडला तर परतण्याची शक्यता उरते. दुसरीत भूमीच जाते आणि परतीचा प्रश्न संपतो. परंतु दोन्हींत नुकसान डोळ्यांना दिसते. भेगाळलेले रान दिसते, वर चढणारे पाणी दिसते. आण्विक आपत्ती ही भूमिवियोगाची तिसरी जात आहे. येथे भूमी राहते आणि माणसेही राहतात, किंवा परत येतात. नाहीशी होते ती भूमीच्या बोलण्यावरची भिस्त. सफरचंद लाल असते, दूध पांढरे असते, रानात अळंबी उगवतात, नदीत मासे असतात. आणि यांपैकी कशाचाही पूर्वीचा अर्थ उरलेला नसतो. तिणैच्या परिभाषेत सांगायचे तर मुदल तेच राहते, करुही वरवर तेच दिसते, मात्र करुवरून उरिकडे जाणारा मार्ग खचतो. ही हिरवी पालै होय. इळंगोंच्या पालैवर पाऊस पडू शकतो आणि ती पुन्हा मुल्लै होऊ शकते. या पालैचा उन्हाळा सीझियम-१३७ च्या अर्धायुकालाने मोजला जातो, आणि तो सुमारे ३० वर्षांचा आहे.

३

करुघटकांवरची ही भिस्त नाहीशी होण्याचा क्षण ज्यांनी प्रथम नेमका पकडला त्यांत जर्मन लेखिका क्रिस्ता वोल्फ यांचे नाव घ्यावे लागेल. ‘श्ट्योरफाल’ (१९८७) ही त्यांची कथा चेर्नोबिलपासून दूर, पूर्व जर्मनीतील एका खेड्यात, एका दिवसात घडते. निवेदिका स्वतः लेखिका आहे. त्याच दिवशी तिच्या भावाच्या मेंदूवर शस्त्रक्रिया चालू आहे. रेडिओ भाजीपाला आणि दूध यांविषयी सूचना देत आहे, ती बागेत काम करते आहे, आणि वसंत ऋतू नेहमीपेक्षा अधिक सुंदर आहे. या कथेतील कळीचा शब्द ‘ढग’ हा आहे. ब्रेख्तच्या प्रेमकवितेतला पांढरा ढग जर्मन वाचकाच्या स्मरणात आहे. आता त्याच शब्दाने किरणोत्सारी द्रव्य वाहून नेणारा ढग सांगितला जातो. ढग तोच, शब्दही तोच; कवितेचा आधार मात्र निसटला. एका साहित्यपरंपरेची करुसंपत्ती एका दिवसात संशयास्पद होते, हे वोल्फ यांनी कोणताही आक्रोश न करता दाखवले आहे.

जपानी लेखिका हिरोमी कावाकामी यांनी हीच गोष्ट कथेच्या घाटातून सिद्ध केली. ‘कामिसामा’ (देव) ही त्यांची आरंभीची कथा. शेजारच्या खोलीत राहणारे एक अस्वल निवेदिकेला नदीवर फिरायला नेते, मासा पकडून वाळवून देते, घरी परतल्यावर निरोपाची मिठी मारते. एवढेच तिचे कथानक. २०११ साली त्यांनी ही कथा पुन्हा लिहिली आणि दोन्ही पाठ एकत्र प्रसिद्ध केले. नव्या पाठात फिरणे तेच, अस्वल तेच, नदीही तीच. फक्त ‘त्या घटनेनंतर’ असा एक उल्लेख आला आहे. नदीकाठी पूर्वी दिसणारे मूल आता दिसत नाही. दिलेला मासा निवेदिका खात नाही, आणि रात्री रोजनिशी लिहिताना दिवसभरात शरीराला मिळालेल्या किरणोत्साराच्या मात्रेची बेरीज करते. हे दोन पाठ शेजारी ठेवून वाचले की आण्विक आपत्तीचे साहित्यिक स्वरूप लक्षात येते. वाक्यांच्या मधोमध बेरीज येऊन बसते, आणि मूल कथेतून निघून जाते. कथा मोडत नाही. ती चालूच राहते. वास्तव्याचे भीषण रूप या चालू राहण्यातच आहे.

या बेरजेमागे एक संपूर्ण व्यवस्था उभी आहे, याचेही भान समीक्षकाने ठेवले पाहिजे. जपानमध्ये एप्रिल २०१२ पासून सामान्य अन्नासाठी किलोमागे १०० बेकरेल ही सीझियमची मर्यादा ठरली. त्याच वर्षापासून फुकुशिमा प्रांतातील तांदळाचे प्रत्येक पोते तपासले जाऊ लागले आणि अनेक वर्षे ही तपासणी चालली. ज्या भाताला तिणै-व्यवस्थेत मरुतम भूमीचे अन्न म्हणून स्थान असते, त्याच्यावर आता आकडा लिहिलेला असतो. तो आकडा आश्वासक असू शकतो, बहुधा असतोही. परंतु आकड्याचे आश्वासन आणि भूमीचे आश्वासन या एका जातीच्या गोष्टी नव्हेत, आणि राहणाऱ्या माणसाला आयुष्यभर पहिल्यावरच भागवावे लागते.

४

आता ‘मातीची ओढ’ या सूत्राकडे वळू. त्यासाठी ज्या ग्रंथाचा सर्वाधिक आधार घेतला जातो तो म्हणजे २०१५ च्या नोबेल पारितोषिकाच्या मानकरी स्वेतलाना अलेक्सिएविच यांचा ‘चेर्नोबिलची प्रार्थना’ (१९९७). २६ एप्रिल १९८६ च्या स्फोटानंतर त्या वर्षात सुमारे १ लाख १६ हजार लोकांना हलवण्यात आले. पुढे हजाराच्या आसपास माणसे, बहुतांशी वृद्ध स्त्रिया, निषिद्ध क्षेत्रातील आपल्या गावी परतल्या. त्यांना ‘समोस्योली’ म्हणजे आपमताने वसलेले, असे नाव पडले. स्वतःच्याच घरात राहणाऱ्याला ‘आपमताने वसलेला’ म्हणावे, यात राज्यसंस्थेच्या भाषेचा सगळा स्वभाव प्रकट होतो. या स्त्रियांची स्वगते ग्रंथात आहेत आणि ती विसरता येत नाहीत. कोणी मेलेल्यांशी बोलते, कोणी मांजराशी. युद्ध पाहिलेल्या या पिढीला न दिसणाऱ्या शत्रूवर विश्वास ठेवणेच कठीण जाते.

परंतु त्याच ग्रंथात आणखी एक आवाज आहे, आणि ओढीचे सूत्र वापरणारे त्याच्याकडे सहसा दुर्लक्ष करतात. सोव्हिएत संघाच्या विघटनाच्या काळात ताजिकिस्तानातील यादवीतून जीव वाचवून पळालेली रशियन कुटुंबे या दूषित प्रदेशातील रिकाम्या घरांत येऊन राहिली. ही माती त्यांची नव्हती, येथे त्यांचे पूर्वज पुरलेले नव्हते. येथे कोणी त्यांना हाकलणार नव्हते आणि बंदूक घेतलेला माणूस दारात उभा राहणार नव्हता, म्हणून ती राहिली. किरणोत्साराचे भय त्यांना माणसाच्या भयापेक्षा हलके वाटले. हे स्वगत वृद्ध स्त्रियांच्या स्वगतांशेजारी ठेवले की राहण्याचा अर्थ बदलतो. राहणे ही प्रत्येक वेळी मुळांची ग्वाही नसते. पुष्कळदा ती दोन भयांमधील तुलना असते, आणि ती तुलना करण्याची पाळी गरिबावर आणि म्हाताऱ्यावरच येते.

जपानच्या संदर्भात तर ‘माती’ हा शब्दच उलटून अंगावर येतो. शुद्धीकरणाच्या मोहिमेत शेतांवरील आणि अंगणांतील मातीचा सुमारे ५ सेंटिमीटरचा थर खरवडून काळ्या पिशव्यांत भरण्यात आला. पिढ्यान्‌पिढ्या खत घालून जोपासलेली ती सुपीक माती आज ओकुमा आणि फुताबा या गावांलगतच्या साठवणक्षेत्रात आहे, आणि २०४५ पर्यंत ती प्रांताबाहेर नेण्याचे बंधन कायद्याने घातलेले आहे. अशा ठिकाणी परतलेला शेतकरी कोणत्या मातीकडे परततो? माणसाला आणण्यासाठी माती घालवावी लागली. या प्रश्नासमोर ‘मातीशी नाते’ हा आपल्या ग्रामीण आणि प्रादेशिक साहित्याच्या समीक्षेतील परवलीचा शब्द निरुत्तर होतो. त्या शब्दाचे आपल्या परंपरेतील मोल नाकारण्याचा येथे हेतू नाही. मात्र न दिसणाऱ्या विषाच्या साहित्यावर तो लावला की राहणाऱ्याची असहायता आपण त्याच्या निष्ठेच्या खात्यावर जमा करतो, आणि ज्यांनी ही स्थिती आणली त्यांना हिशेबातून मोकळे करतो.

५

पालैचा उरिभाव विरह आहे. संगम काव्यातील पालै-कवितांत हा विरह प्रामुख्याने दोन प्रकारे येतो. नायक धनार्जनासाठी रखरखीत वाटेने निघून जातो आणि नायिका घरी राहते. किंवा मुलगी प्रियकराबरोबर पालैतून निघून जाते आणि मागे राहिलेली आई तिच्या कोवळ्या पावलांच्या काळजीने विलाप करते. ‘गाथासप्तशती’च्या वाचकाला पहिला प्रकार महाराष्ट्री प्राकृतातून चांगला ठाऊक आहे. स. आ. जोगळेकरांनी १९५६ साली सिद्ध केलेल्या आवृत्तीमुळे मराठी अभ्यासक त्या प्रवासी पुरुषाला आणि वाटेकडे डोळे लावून बसलेल्या स्त्रीला ओळखतो. दोन्ही परंपरांत संकट वाटेवर असते आणि घर सुरक्षित असते. पालै बाहेर, घर आत.

आण्विक आपत्तीनंतरच्या कुटुंबात ही रचना नेमकी उलटते. फुकुशिमात प्रांताबाहेर आणि प्रांतांतर्गत मिळून विस्थापितांची संख्या एका टप्प्यावर १ लाख ६० हजारांच्या घरात गेली होती. त्यांत आदेशाने हलवलेली माणसे होती, तशी आदेश नसताना स्वतःहून निघालेलीही होती. त्यांच्यात एक प्रकार इतका रूढ झाला की जपानी भाषेत त्याला ‘बोशी हिनान’ म्हणजे ‘आई-मुलांचे स्थलांतर’ हे नावच मिळाले. आई लहान मुलांना घेऊन दूरच्या शहरात राहते. बाप नोकरीसाठी, घराच्या कर्जासाठी, वृद्ध आईवडिलांसाठी मागे राहतो. म्हणजे धनार्जन करणारा पुरुष आता पालैतून प्रवास करीत नाही, तो पालैतच राहतो. आणि स्त्री सुरक्षित भूमीकडे जाऊन विरह भोगते. संकट वाटेवर उरलेले नाही. ते अंगणात, छपराच्या पन्हळीत, मुलांच्या खेळाच्या वाळूत आहे. पालै घरात आली आहे. आणि येथे कोणाचा निर्णय बरोबर, हे सांगणारी भूमी मुकी आहे. त्यामुळे पतिपत्नींत, सासूसुनांत, राहिलेल्या आणि गेलेल्या शेजाऱ्यांत जो दुरावा येतो त्याला कोणतेही दृश्य प्रमाण नसते; दोघांपैकी एकाला ‘घाबरट’ आणि दुसऱ्याला ‘बेपर्वा’ ठरावे लागते. कावाकामी यांच्या दुसऱ्या पाठातून नाहीसे झालेले मूल कोठे गेले असेल, याचे एक उत्तर येथे मिळते.

आईच्या विलापाचा दुसरा प्रकार मासुजी इबुसे यांच्या ‘काळा पाऊस’ या कादंबरीत भेटतो. ती १९६५-६६ मध्ये मासिकातून क्रमशः प्रसिद्ध झाली, आणि आरंभी तिचे शीर्षक ‘भाचीचे लग्न’ असे होते. हे पहिले शीर्षक अभ्यासकाने लक्षात ठेवण्यासारखे आहे. बाँब पडून काही वर्षे लोटली आहेत. हिरोशिमापासून दूर, डोंगरातल्या आपल्या मूळ गावी शिगेमात्सु भाची यासुकोचे लग्न जमवण्याच्या खटपटीत आहे. ती त्या दिवशी शहरात होती, अशी कुजबुज आहे. ती निरोगी आहे हे सिद्ध करण्यासाठी तो तिची रोजनिशी उतरवून काढतो. पण त्याच रोजनिशीत तिच्या अंगावर काळा पाऊस पडल्याची नोंद आहे. पुरावा म्हणून हाती घेतलेली संहिता आरोप होऊन बसते. गावातले आजारी पुरुष डॉक्टरांच्या सल्ल्याने विश्रांती घेतात, तळ्याकाठी बसतात, माशांची पैदास करतात, आणि निरोगी दिसत असल्यामुळे आळशी ठरतात. गाव तेच, डोंगर तेच, नातीही तीच. तरीही शिगेमात्सुचे कुटुंब आपल्याच गावात परके झाले आहे. इबुसे यांनी हे सारे लग्नाच्या बोलण्याच्या पातळीवर ठेवले, ही त्यांची दृष्टी होय. लग्न जमवताना चौकशी कशी होते आणि एका शब्दाने स्थळ कसे परत जाते, हे ज्या समाजाला माहीत आहे त्याला या कादंबरीसाठी टीपांची आवश्यकता नाही.

जपानी भाषेत ‘हिबाकुशा’ हा एकच उच्चार दोन चिन्हांनी लिहिला जातो. एकाचा अर्थ बाँबचा आघात झालेला, दुसऱ्याचा अर्थ किरणोत्सार अंगावर आलेला. कानाला भेद कळत नाही. मराठीत आपण धरणग्रस्त, पूरग्रस्त, भूकंपग्रस्त असे शब्द बनवले. त्या ‘ग्रस्त’मध्ये एक घडून गेलेली घटना आणि तिच्या मागून येणारे पुनर्वसन गृहीत आहे. ज्याची घटना संपतच नाही, जो बाधित आहे की नाही हे त्याचे त्यालाही ठाऊक नाही, अशा माणसासाठी हा प्रत्यय पुरेसा नाही.

६

तिणै-विचार बेलारूसच्या किंवा जपानच्या संहितेवर लावणे हे कालविपर्यस्त आणि संस्कृतिविपर्यस्त नाही काय, असा आक्षेप येथे संभवतो. त्याचे उत्तर असे की, भूमी आणि भाव यांची सांगड ही केवळ तमिळ परंपरेची मिरास नाही. जपानी काव्यात ऋतुवाचक शब्दांची व्यवस्था आहे, आणि ‘उतामाकुरा’ म्हणजे भावसंकेत जडलेल्या स्थळनामांची परंपरा आहे. शिराकावाचे नाके, शिनोबु ही अशी स्थळे आजच्या फुकुशिमा प्रांतातच आहेत, आणि १६८९ च्या प्रवासात बाशो तेथून गेला होता. त्या भूमीची स्थळनामे कवितेत आधीपासून बोलत होती. म्हणूनच २०११ नंतर ‘फुकुशिमा’ हे नाव जगभर एका अपघाताचे नाव झाले, ही तेथील कवींना दुहेरी हानी वाटली. तिणै-संकल्पना येथे उपयोगी पडते ती तिने या सांगडीचे घटक वेगळे करून ठेवले आहेत म्हणून. नेमके काय तुटले आणि काय टिकले, हे तिच्यामुळे सांगता येते.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. तिणै-व्यवस्थेतील अकम् हे नामरहित, खासगी जग आहे. राजा, युद्ध, कीर्ती यांचे सार्वजनिक जग म्हणजे पुरम्. आण्विक आपत्ती हा सत्तेचा, ऊर्जानीतीचा, उद्योगाचा प्रश्न आहे. तो अकम्‌च्या चौकटीत बसवला तर पुन्हा भावुकतेचाच दोष पदरी येणार नाही काय? हा आक्षेप मान्य करूनच पुढे जावे लागेल. या साहित्याचे वैशिष्ट्य असे की त्यात अकम् आणि पुरम् यांच्यातील भिंत उरत नाही. ‘परतणे कठीण असलेले क्षेत्र’ हे जपान सरकारने अधिकृतपणे दिलेले नाव आहे. वाचताना ते पालै-कवितेचे शीर्षक वाटावे, पण ते नकाशावरील रेषेचे नाव आहे, आणि त्या रेषेवर कोणाला किती भरपाई मिळणार हे अवलंबून होते. वर्षाला २० मिलिसिव्हर्टच्या आत मात्रा आली की परतीचा आदेश निघू शकतो. सर्वसामान्य नागरिकासाठी एरवी मानली जाणारी मर्यादा १ मिलिसिव्हर्टची आहे. या दोन आकड्यांमधील अंतरात एका घराचा स्वयंपाक, मुलाची शाळा आणि म्हातारीचे औषधपाणी येते. स्वयंपाकघर हेच येथे पुरम् झाले आहे.

या विरलेल्या भिंतीवर उभे राहून लिहिणारे लेखक आज आहेत. फुकुशिमा शहरातील शिक्षक-कवी रियोइची वागो यांनी १६ मार्च २०११ पासून ट्विटरवर छोट्या छोट्या नोंदींतून कविता लिहायला आरंभ केला. ते शहर सोडून गेले नाहीत. कादंबरीकार यू मिरी २०१५ मध्ये मिनामिसोमा येथे राहायला गेल्या आणि २०१८ मध्ये, निर्बंध उठून दोन वर्षेही न झालेल्या ओदाका भागात, त्यांनी स्वतःच्या घरात पुस्तकांचे दुकान काढले. यू मिरी या जपानमध्ये वाढलेल्या कोरियन कुटुंबातील. त्यांच्या बाबतीतही ‘मुळांची ओढ’ हे स्पष्टीकरण लागू पडत नाही. परतणाऱ्या मोजक्या माणसांना संध्याकाळी दिवा लागलेली एखादी जागा हवी, एवढेच त्या दुकानाचे प्रयोजन म्हणता येईल. राहणे येथे वारसा म्हणून येत नाही. ते रोज नव्याने करावे लागणारे काम आहे. राहणाऱ्यांचे साहित्य वाचताना हा भेद निर्णायक मानला पाहिजे.

मराठी साहित्यविचाराच्या दृष्टीने या चर्चेचे महत्त्व केवळ परदेशी संहितांपुरते नाही. देशातील पहिले अणुविद्युत केंद्र १९६९ साली तारापूरला सुरू झाले, आणि त्याच्या विस्तारासाठी पोफरण व अक्करपट्टी ही गावे उठली. जैतापूरच्या प्रकल्पाला माडबन परिसरातून झालेला विरोध २०११ मध्ये फुकुशिमाच्या बातम्यांच्या सावलीत तीव्र झाला. याही ठिकाणी जमिनीच्या मोबदल्याची भाषा आपल्याला येते, कारण ती ‘झाडाझडती’च्या परंपरेची भाषा आहे, आंबा आणि मासळी यांच्याविषयीच्या भयाची भाषा मात्र अजून घडावयाची आहे. आंबा आणि मासळी हे कोकणाचे करुघटक आहेत. त्यांच्याविषयी कोकणातील माणूस बोलतो तेव्हा तो केवळ उत्पन्नाविषयी बोलत नसतो, हे ओळखण्यासाठी समीक्षेला तिणैसारखी दृष्टी हवी.

कल्पाक्कमचा किनारा नेय्तल आहे आणि तो आज नेय्तलच आहे. तेथे होड्या पहाटे समुद्रात जातात, मासळी वाळूवर येते, आणि लाटांच्या पलीकडे गेलेल्या माणसाची वाट पाहिली जाते. २००४ च्या डिसेंबरात त्या वाट पाहण्याला शोकाचे रूप आले. तो शोक प्राचीन तमिळ कवीला ओळखता आला असता, कारण समुद्राने जे नेले ते डोळ्यांदेखत नेले. जो शोक त्याला ओळखता आला नसता तो वेगळा आहे : समुद्र शांत आहे, मासळी ताजी आहे, नवरा घरी परतला आहे, आणि तरीही ताटात वाढावे की नाही हे समजत नाही. अलेक्सिएविच, वोल्फ, इबुसे, कावाकामी यांनी ज्या क्षणाची नोंद केली तो हाच आहे. त्या क्षणाला ‘मातीची ओढ’ म्हणून गौरवणे सोपे आहे. त्याला पालै म्हणून ओळखणे, आणि ही पालै सूर्याने केलेली नसून माणसांनी केलेली आहे हे नावानिशी सांगणे, हे तौलनिक समीक्षेचे काम आहे.